शेळीचे डोळे आले तर

आज शेरडांच्या डोळ्यांबद्दल बोलायचं आहे. मागच्या काही बैठकांत कर्जफेडीचा हिशोब झाला की कुणीतरी हमखास विचारायचं, "ताई, शेळीच्या डोळ्यातून पाणी गळतंय, डोळा पांढरा पडलाय, काय घालू?" दुसरी लगेच सांगायची, "मीठ घाल." तिसरी म्हणायची, "तंबाखूचं पाणी मार." चौथीच्या घरात नातवाच्या डोळ्याचं उरलेलं औषध असायचं, ती ते आणून द्यायची. म्हणून हा विषय आज नीट घेऊ.

आपली शेळी म्हणजे उस्मानाबादी. जिल्ह्याचं नाव २०२३ साली धाराशिव झालं, शेळीचं नाव मात्र कागदोपत्री उस्मानाबादीच आहे. काळी, काटक, कमी पाण्यावर तगणारी, पुष्कळदा जुळी देणारी. आपल्या गटांतल्या कितीतरी बायकांनी पहिलं कर्ज घेतलं ते दोन शेळ्यांसाठीच. त्यामुळे शेळीचा डोळा गेला तर तो एकट्या जनावराचा डोळा जात नाही. तिचा भाव जातो. बकरी ईदच्या बाजाराचं बघा. कुर्बानीचं जनावर निर्दोष लागतं, एका डोळ्याने आंधळा बोकड तिथे चालतच नाही. वर्षभर सांभाळलेला बोकड मग खाटकाला मिळेल त्या भावाने द्यावा लागतो.

आता आजार काय आहे ते. माणसांचे डोळे येतात, तसे शेळ्या-मेंढ्यांचेही येतात. पण एक मोठा फरक लक्षात ठेवा. २०२३ च्या पावसाळ्यात आपल्याकडे डोळ्यांची साथ आली होती, शाळा-आश्रमशाळांतली पोरं लाल डोळे घेऊन घरी बसली होती. तसली साथ बहुतेक वेळा विषाणूची असते, तिच्यावर अँटिबायोटिकचा उपयोग होत नाही, ती आपोआप ओसरते. शेळ्यांमध्ये जे डोळे येतात ते बहुतेक वेळा जिवाणूंमुळे. मायकोप्लाझ्मा, क्लॅमिडिया, मोराक्सेला अशी त्यांची नावं. नावं विसरलात तरी चालेल. एवढं ध्यानात असू द्या की हे जंतू डोळ्याच्या पाण्यात असतात आणि एका जनावराकडून दुसऱ्याकडे माशीच्या पायावरून, एकाच गव्हाणीत तोंडं घातल्यामुळे, एकमेकींच्या अंगाला डोळा घासल्यामुळे जातात. धूळ, कडक ऊन आणि कुसळी गवत डोळ्याला आधीच बारीक खरचटवतात, मग जंतूला आत शिरायला सोपं जातं. म्हणून उन्हाळ्याच्या शेवटी आणि पावसाळ्यात माशा वाढल्या की ही तक्रार वाढते.

पहिली खूण म्हणजे पाणी. एका डोळ्याखाली ओला ओघळ दिसतो. आपल्या शेळ्या काळ्या, त्यामुळे ओघळावर धूळ बसून राखाडी पट्टा तयार होतो आणि लांबूनही दिसतो. शेळी डोळा मिटून घेते, उजेड टाळते, सावलीच्या कोपऱ्यात मान खाली घालून उभी राहते. पापणी उलटून पाहिली तर आतला भाग लालभडक असतो. दोन-चार दिवसांत पाण्याची चिपडं होतात, बुबुळावर निळसर-पांढरी साय आल्यासारखी दिसते. आपण म्हणतो, फूल पडलं. पुढे वाढलं तर बुबुळावर जखम होते, आणि फार दुर्लक्ष झालं तर डोळा फुटतो.

इथपर्यंत बहुतेक बायकांना माहीत असतं. पण डोळ्यातून पाणी आलं म्हणजे दर वेळी हाच आजार असतो असं नाही, आणि चुकीच्या आजाराला औषध देण्यात पैसा आणि दिवस दोन्ही जातात. म्हणून आधी जनावर धरून नीट पाहा. धरायचं कसं, तर शेळीला भिंतीच्या कोपऱ्याला लावायची, तिच्या पाठीवरून दोन्ही बाजूंना पाय टाकून तिला गुडघ्यांत धरायची, एक हात हनुवटीखाली. शिंगाला धरून ओढू नका, ती जास्त बिथरते. एकीने धरायची आणि दुसरीने बघायचं, हे बरं.

एकाच डोळ्यातून अचानक धार लागली असेल तर खालची पापणी ओढून आत कुसळ, काटा किंवा भुसकट आहे का ते बघा. कुसळ वरवर असेल तर गार केलेल्या उकळलेल्या पाण्याने धुतल्यावर निघतं. बुबुळात रुतलेलं असेल तर चिमट्याने ओढू नका, ते डॉक्टरांचं काम. नुकत्याच जन्मलेल्या करडाची पापणी कधी कधी आत वळलेली असते आणि पापणीचे केस बुबुळाला घासत राहतात. तिथे मलम लावून उपयोग नाही, पापणी सरळ करावी लागते. दोन्ही डोळ्यांबरोबर नाकही वाहतंय, ताप आहे, तोंडात फोड आहेत, हगवण लागली आहे, तर तो पीपीआर असू शकतो. तो विषाणूचा आजार आहे, कळपच्या कळप झोपवतो. तिथे डोळ्याच्या मलमात अडकून बसू नका, त्याच दिवशी दवाखाना गाठा. आणि दुष्काळात, नुसत्या कडब्यावर आणि भुसकटावर दिवस काढले असतील, शेळी दिवेलागणीला ठेचकाळत असेल पण दिवसा ठीक दिसत असेल, तर ते अ जीवनसत्त्वाच्या कमतरतेचं लक्षण असू शकतं. त्याला हिरवा पाला हवा. शेवगा, हादगा, शेवरी, सुबाभूळ जे बांधावर असेल ते.

पापणी उलटलीच आहे तर आणखी एक गोष्ट बघून घ्या. आतला रंग. लालसर गुलाबी असेल तर रक्त बरं आहे. पांढराफट असेल तर पोटात रक्त पिणारे जंत आहेत असं समजा. हा डोळ्याचा आजार नव्हे, पण डोळ्यात दिसतो.

आता उपचार. पहिलं काम म्हणजे आजारी शेळी वेगळी बांधणं. ते आधी, औषध नंतर. सावलीत बांधा, उन्हाने दुखणाऱ्या डोळ्याला फार त्रास होतो. दोन्ही डोळे गेले असतील तर पाणी आणि चारा रोज एकाच जागी, तोंडाजवळ ठेवा. या आजाराने शेळी सहसा मरत नाही. जी दगावते ती दिसत नाही म्हणून उपाशी-तहानेली राहिल्याने, किंवा चरायला सोडल्यावर विहिरीत, नाल्यात पडल्याने. तिचं करडू लहान असेल तर पाजायच्या वेळी ते तिच्या कासेला लावून द्या.

मग डोळा धुवायचा. एक लिटर पाणी उकळून गार करा, त्यात चहाचा छोटा चमचा सपाट भरून दीड चमचा मीठ. एवढंच, जास्त नाही. हे पाणी अश्रूइतकंच खारट असतं, झोंबत नाही. मूठभर मीठ थेट डोळ्यात घालणं आणि हे पाणी, यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. स्वच्छ सुती कापड या पाण्यात भिजवून चिपडं मऊ करा आणि नाकाकडून बाहेरच्या बाजूला पुसा. प्रत्येक डोळ्याला वेगळं कापड. वापरलेलं कापड जाळून टाका.

तंबाखूचं पाणी, चुना, रॉकेल, कसलीही पूड, यातलं काहीही डोळ्यात घालू नका. "आमच्या सासूबाई घालायच्या आणि शेळी बरी व्हायची," असं कुणी म्हणेल. खरं सांगू? हा आजार पुष्कळदा दोन-तीन आठवड्यांत आपोआपच बरा होतो. शेळी तंबाखूने बरी झाली नाही, तंबाखू सोसून बरी झाली.

मग औषध कशाला, असं विचाराल. कारण दोन. औषधाने डोळा लवकर सावरतो, बुबुळावर जखम होण्याचा धोका कमी होतो. आणि जंतू कमी झाले की बाकीच्या शेरडांकडे जाणंही कमी होतं.

या जंतूंवर साधारणपणे चालतं ते ऑक्सिटेट्रासायक्लीन. ते डोळ्याच्या मलमाच्या रूपात मिळतं, आणि इंजेक्शनच्या रूपातही. पुष्कळ शेरडांना एकदम लागण झाली असेल तर डॉक्टर लांब टिकणारं इंजेक्शन देतात, ते रक्तातून डोळ्याच्या पाण्यात उतरतं. मात्रा शेळीच्या वजनावर ठरते, म्हणून ती डॉक्टरांनीच ठरवायची. शेळी गाभण असेल तर आधी सांगा, कारण या औषधाचा पोटातल्या करडाच्या हाडांवर आणि दातांवर परिणाम होतो. पेनिसिलीनचं इंजेक्शन दुकानात सहज मिळतं म्हणून काही जण तेच टोचून घेतात. पेनिसिलीन काम करतं ते जंतूच्या भिंतीवर. मायकोप्लाझ्माला भिंतच नसते. ज्या घराला कुंपणच नाही त्याचं कुंपण मोडायला माणसं पाठवल्यासारखं ते आहे. पैसे जातात, शेळी तशीच राहते.

मलम लावायची रीत सांगते, कारण निम्मं औषध इथेच वाया जातं. हात साबणाने धुवा. खालची पापणी अंगठ्याने हलकी ओढली की एक खाच तयार होते. त्या खाचेत तांदळाच्या दोन दाण्यांइतकं मलम सोडा, ट्यूबचं तोंड डोळ्याला लागू देऊ नका. पापणी सोडा आणि डोळा क्षणभर मिटून धरा. दिवसातून तीन वेळा, चार वेळा जमलं तर अजून चांगलं, कारण पाण्याबरोबर मलम वाहून जातं. सकाळी एकदा लावून शेतात गेलो आणि संध्याकाळी म्हणालो की गुण नाही, याला अर्थ नाही. एक डोळा चांगला असेल तर आधी त्याला लावा, मग आजारी डोळ्याला. दोन दिवसांत पाणी कमी झालं तरी डॉक्टरांनी सांगितलेले दिवस पूर्ण करा. आणि एकीची ट्यूब दुसरीच्या गोठ्यात नेऊ नका. गटात आपण सगळं वाटून घेतो, जाऊबाईची कढईसुद्धा, पण ही ट्यूब नाही.

आता दोन धोक्याच्या गोष्टी. मेडिकलमधून डोळ्याचे थेंब आणले तर त्यावर डेक्सामेथासोन किंवा बीटामेथासोन लिहिलं आहे का, हे घरातल्या शिकलेल्या मुलीकडून वाचून घ्या. ही स्टिरॉइडं आहेत. लाली झटक्यात उतरते, म्हणून वाटतं छान औषध. पण बुबुळावर जखम असेल तर स्टिरॉइडने ती भरत नाही, उलट खोल जाते आणि डोळा फुटू शकतो. जखम आहे की नाही हे डॉक्टर हिरवा रंग टाकून बघतात. आपल्याला नुसत्या नजरेने ते कळत नाही.

दुसरी गोष्ट त्या छोट्या कॅप्सूलची. टोक कापून डोळ्यात मलम पिळायचं, ती. कित्येक घरांत ती कपाटात असते. तिच्यात क्लोरॅम्फेनिकॉल असतं. माणसाच्या डोळ्याला डॉक्टर ते देतात, पण ज्या जनावराचं दूध-मांस आपण खातो त्याला ते द्यायचं नाही. केंद्र सरकारने २०२५ साली अशा जनावरांसाठी क्लोरॅम्फेनिकॉलच्या औषधांवर बंदी घातली. कारण मांसात-दुधात त्याचा अंश राहिला आणि तो कुणाच्या पोटात गेला, तर क्वचित एखाद्या माणसाचं रक्त तयार होणंच थांबतं. असं क्वचितच घडतं, पण ज्याच्यावर ते ओढवतं त्याच्या जिवावर बेततं.

त्यालाच लागून दुधाचा प्रश्न. इंजेक्शन दिलेल्या शेळीचं दूध आपण लगेच पोराला पाजतो, कारण शेळीचं दूध पोराला चांगलं. ते थांबवा. औषधावर किती दिवस दूध-मांस वापरायचं नाही ते छापलेलं असतं. छापलेलं नसेल तर २०१२ पासूनचा नियम असा की दुधासाठी किमान ७ दिवस आणि मांसासाठी किमान २८ दिवस. म्हणजे ईद किंवा जत्रा महिन्याच्या आत असेल आणि बोकडाला इंजेक्शन द्यायचं असेल, तर डॉक्टरांना विक्रीची तारीख आधीच सांगा.

आमच्या एका गटातल्या ताईची गोष्ट सांगते, नाव सांगत नाही. पाच शेळ्या होत्या, बाजारातून सहावी पाठ आणली. पाठीच्या एका डोळ्याखाली ओलं होतं, पण गाडीतल्या वाऱ्याने झालं असेल असं व्यापारी म्हणाला. त्याच संध्याकाळी ती बाकीच्यांबरोबर एका दावणीला बांधली गेली. दहा-बारा दिवसांत चार शेळ्यांचे डोळे आले. ताईने १९६२ ला फोन केला, फिरत्या दवाखान्याची गाडी आली, डॉक्टरांनी चौघींना इंजेक्शन आणि मलम दिलं. तीन पूर्ण बऱ्या झाल्या. चौथीच्या डोळ्यात पांढरा ठिपका राहिला, तिला दिसतं, खाते-पिते, करडं देते. पण विकायला नेली तेव्हा व्यापाऱ्याने त्या ठिपक्याकडे बोट दाखवून दीड हजार कापले. आता ती ताई नवीन जनावर आणलं की तीन आठवडे परसात वेगळं बांधते. शेजारणी हसतात, "नव्या सुनेला पण एवढं वेगळं ठेवत नाहीत गं!" हसू द्या. बरी झालेली शेळीसुद्धा काही महिने डोळ्यात जंतू बाळगून असू शकते, बाहेरून काही दिसत नाही. म्हणून तीन आठवडे लोटले तरी पुढे काही महिने नव्या जनावराच्या डोळ्यांवर नजर ठेवा.

बरं होताना डोळा आधी जास्त भयानक दिसतो, हेही सांगून ठेवते. बुबुळाच्या कडेने लाल रेघा आत सरकताना दिसतात. डोळा रक्ताने भरला असं वाटतं. त्या नवीन रक्तवाहिन्या असतात, जखम भरायला आलेल्या. पाणी कमी होत असेल आणि शेळी डोळा उघडत असेल तर घाबरू नका. पण बुबुळ मध्येच फुगून पुढे आलं, त्यात खड्डा दिसला, किंवा तीन-चार दिवस औषध करूनही डोळा मिटलेलाच राहिला तर मात्र वाट बघू नका.

माशांसाठी गोठ्यातलं शेण-मूत रोज काढा, उकिरडा गोठ्यापासून लांब न्या. कडुनिंबाच्या पाल्याचा धूर करायचा तर शेरडं चरायला गेल्यावर करा. आजारी डोळ्याला धुरासारखा वैरी नाही. आणि आपल्यासाठी एक गोष्ट. शेळीच्या डोळ्याला हात लावला की साबणाने हात धुवा, तोच पदर आपल्या डोळ्याला लावू नका. पोटुशी बाई असेल तर हे काम तिच्याकडे देऊ नका. कळपात कुठली शेळी गाभडली असेल तर तिच्या वारेला, मेलेल्या करडाला तर पोटुशीने मुळीच शिवू नये, क्लॅमिडियाच्याच कुळातला एक जंतू बाईच्या पोटातल्या बाळालाही धोका करतो.

एक वेगळा प्रश्न आला होता, एका ताईच्या लेकीचा. शाळेतली पोर आहे. तिच्या काचेच्या पेटीतल्या माशाचा डोळा फुगून बाहेर आला होता, आणि शेळीचीच टेट्रासायक्लीनची पूड पाण्यात टाकू का, असं ती विचारत होती. तिच्यासाठी सांगते. एकच डोळा फुगला असेल तर बहुधा दगडाला घासून मार लागला आहे. दोन्ही फुगले असतील तर पाणी खराब आहे किंवा अंगात जंतू गेले आहेत. दोन्ही वेळी आधी पाणी. पेटीतलं पाव भाग पाणी रोज बदल, आणि नळाचं पाणी असेल तर एक रात्र उघडं ठेवून मग घाल, म्हणजे क्लोरीन उडून जाईल. औषध द्यायची वेळ आलीच तर मासा वेगळ्या भांड्यात घेऊन द्यायचं, कारण पेटीतल्या वाळूत आणि गाळणीत चांगले जंतू असतात, ते माशाची घाण पचवतात. औषधाने तेही मरतात आणि मग मासा आपल्याच घाणीने मरतो. शिवाय आपल्याकडचं बोअरचं पाणी जड. त्यातला चुना टेट्रासायक्लीनला धरून ठेवतो, औषध माशापर्यंत पोचतच नाही. ज्या गटांनी शेततळ्यात खायचे मासे सोडले आहेत त्यांनी तर आपल्या मनाने काहीच टाकू नका. माशासाठी औषधानंतरची मुदत ५०० अंश-दिवस आहे, म्हणजे पाणी २५ अंश असेल तर २० दिवस.

फोन नंबर पुन्हा सांगते, १९६२, पैसे लागत नाहीत. फोन करताना गावाचं आणि तालुक्याचं नाव, किती शेरडं आजारी, किती दिवस झाले, ताप आहे का आणि कुठली गाभण आहे का, एवढं तयार ठेवा. गावात उमेदची पशुसखी असेल तर तिला आधी दाखवा, डोळा कसा बघायचा हे ती शिकलेली असते. आणि घरात आधी काय घातलं ते डॉक्टरांपासून लपवू नका, तंबाखू घातली असेल तर तंबाखू सांगा. ते रागावतील, पण औषध बरोबर देतील.